बॅनरवरची शास्त्रज्ञ

भाद्रपद लागला की माझ्या हातांना कोपरापासून मनगटापर्यंत खाज सुटते. आता माझं काम टेबलाशी असतं, भेंडीच्या झाडाला हात लावून कधीकधी महिना उलटतो. तरी सुटते. त्वचेच्या डॉक्टरांना दाखवलं तर ते म्हणाले, काही नाही, कातडी कोरडी आहे. मी मलम घेऊन आले. भेंडीच्या देठांवरची ती बारीक, पांढरी, टोचरी लव ज्यांनी पाचसहा पावसाळे उघड्या हातांवर झेलली आहे, त्यांना मलमाचा उपयोग होत नाही.

यंदा संकराच्या कामाला चार नव्या मुली आल्या आहेत. परवा जेवणाच्या सुट्टीत चौघींची डोकी एका मोबाइलवर वाकलेली दिसली. पडद्यावर प्रयोगशाळा, निळा उजेड, काचेच्या टाकीत काहीतरी वळवळणारं.

"मॅडम, जीन बदलायला जातात आणि सगळं हाताबाहेर जातं, असा पिक्चर आहे," एकीनं सांगितलं. "असं खरंच होतं का?"

"राक्षस नाही होत," मी म्हटलं. "बाकीचं होतं."

त्या हसल्या. मी डबा उघडला, पण तो संपेपर्यंत मी त्या खोलीत नव्हते.

तेव्हा मी तेवीस वर्षांची होते. शहराला सगळे औरंगाबाद म्हणायचे. आम्ही पुंडलिकनगरला राहायचो आणि मी सकाळी साडेसहाला डबा घेऊन जालना रोडला यायची. चिकलठाण्याच्या पुढं, विमानतळाची भिंत मागं टाकली की एका बियाणे कंपनीचं शेत होतं. तिथं मी बोर्डे सरांच्या हाताखाली होते. सर साठीला आलेले, बारीक चणीचे, कायम पांढरा सदरा घालणारे. भेंडीवर केवडा नावाचा रोग पडतो. आधी पानांच्या शिरा पिवळ्या पडतात, मग अख्खं पान हळदीत बुडवल्यासारखं होतं आणि झाड बसतं. त्या केवड्याला दाद न देणारी भेंडी काढायची, यामागं सर नऊ वर्षं लागले होते. एका रानभेंडीतला तो गुण त्यांनी पिढी दर पिढी पुढं आणला होता आणि तो आता एकाच वाणात पक्का उतरला होता. शेतात त्या वाणाच्या ओळीला एकेचाळीस नंबर होता.

काम सोपं वाटावं असं होतं. दुपारी चारनंतर मादी ओळीतल्या दुसऱ्या दिवशी उमलणाऱ्या कळ्या शोधायच्या, चिमट्यानं आतले पुंकेसर काढून टाकायचे आणि कळीवर कागदी पिशवी चढवायची. दुसऱ्या दिवशी सकाळी नर ओळीतली फुलं डबीत गोळा करायची, त्यांचे परागकण त्या फुलाला लावायचे, पुन्हा पिशवी, देठाला लेबल. भेंडीचं फूल एकच दिवस जगतं. पिवळं, रेशमी, गळ्याशी जांभळं. सकाळी नऊला ते इतकं देखणं दिसतं की त्याच्यापुढं उभं राहून कोणी घाई करू शकेल असं वाटत नाही. मी करायची.

माझ्यासोबत कडूबाई असायच्या. चिकलठाण्याच्याच, पन्नाशीच्या, नवऱ्याचा जुना फुलशर्ट लुगड्यावर घालून ओळीत शिरायच्या. लिहिता-वाचता येत नव्हतं, पण उद्या कोणती कळी फुटणार हे त्यांना माझ्याआधी कळायचं. "ही नाय, ही परवाची हाय," म्हणायच्या, आणि ती परवाचीच निघायची.

ओळींच्या तोंडाशी टिनाच्या पाट्या असायच्या, काळ्या रंगावर पांढरे आकडे. त्या रंगवायचे इनायत पेंटर. औरंगपुऱ्याजवळच्या एका टॉकीजच्या मागं पत्र्याच्या शेडमध्ये त्यांचं काम चालायचं. खरा धंदा सिनेमाच्या बॅनरचा. पण छापील पोस्टरं वाढत चालली होती, म्हणून ते दुकानांच्या पाट्या, ट्रकच्या पाठी, आमचे आकडे असं काहीबाही करायचे. सायकलच्या कॅरिअरला पाट्या बांधून शेतावर यायचे आणि गेले असं वाटावं तरी बांधावर उभे असायचे. भिंगातून कळी तपासताना मला बघत राहायचे.

"बारीक काम है बेटी," म्हणायचे. "मेरा तो बीस फुट का रहता. दूर से अच्छा दिखना, बस."

मागच्या वर्षी त्यांनी एक सहा उलटा काढला होता. तेव्हापासून सर त्यांच्या पाट्या स्वतः मोजून घ्यायचे.

त्या वर्षी महालक्ष्म्यांच्या आदल्या दिवशी जोराचा पाऊस झाला आणि निम्म्या पाट्या आडव्या झाल्या. दुसऱ्या दिवशी सर बाहेरगावच्या चाचणी प्लॉटांवर पंधरा दिवसांसाठी निघत होते. जीपमध्ये बसता बसता म्हणाले, "शैला, पाट्या रजिस्टर बघून उभ्या कर." मी हो म्हटलं. रजिस्टर ऑफिसात होतं आणि ऑफिस शेताच्या दुसऱ्या टोकाला, मध्ये गुडघाभर चिखल. घरी आई एकटी महालक्ष्म्या बसवत होती, सोळा भाज्या निवडायच्या होत्या. मी आठवणीनं पाट्या रोवल्या आणि साडेपाचची बस पकडली.

बारा दिवस आम्ही रोज सकाळी एकेचाळीसच्या पाटीसमोरून फुलं तोडली आणि दोन मादी ओळींना त्यांचे परागकण लावले. तेराव्या दिवशी डबी धुताना मी सहज आतली फुलं बघितली. गळा गडद जांभळा होता. सरांच्या एकेचाळीसचा गळा फिका, जवळजवळ पिवळाच. गडद गळा चौदाचा. चौदा नंबरची भेंडी हिरवीगार, लांबसडक, आणि केवड्यापुढं आठ दिवससुद्धा न टिकणारी.

मी धावत ओळीपाशी गेले. चौदा आणि एकेचाळीस. आकडे तेच, फक्त फिरवलेले.

त्या क्षणी मी काय केलं ते मला आजही नीट सांगता येतं, कारण ते करताना मी स्वतःकडे बघत होते. मी आजूबाजूला पाहिलं. कडूबाई पंपाशी पाय धूत होत्या. मी दोन्ही पाट्या उपटल्या, अदलाबदल करून रोवल्या आणि टाचेनं माती दाबली. उठून वळले तर बांधावर सायकल धरून इनायतचाचा उभे. पावसानं रंग उडालेल्या पाट्या न्यायला आले होते. त्यांनी काय पाहिलं, काय नाही, मला कळलं नाही. "सलाम बेटी," म्हणाले, पाट्या घेतल्या आणि गेले.

पुढचे दिवस फार साधे होते, हेच त्यातलं भयंकर. शेंगा वाढत होत्या. मादीच्या झाडावर मादीसारखीच शेंग येते. आत कोणाचं बी आहे हे बाहेरून कुणालाच कळत नाही. बारा दिवसांच्या शेंगांच्या देठांवर माझ्या अक्षरात लिहिलेलं होतं, नर एकेचाळीस. ते बी पुढच्या हंगामात शेतकऱ्यांच्या रानात चाचणीला जाणार होतं. मी रोज ठरवायची की सर आले की सांगू. सर आले. मी सांगितलं नाही. त्यांनी चहा मागवला, ओळींमधून हात मागं बांधून फिरले, शेंगा बोटांनी हलकेच वर उचलून पाहिल्या. "छान धरल्या आहेत," म्हणाले.

पितृपक्ष चालू होता. एका सकाळी कडूबाई आल्या आल्या म्हणाल्या, "शैलाताई, तुमचा फोटू लागलाय टाकीजवर."

"कसला फोटो?"

"मोठ्ठा हाय. माझी पोर म्हणली, ती भेंडीवाली ताई बघ. म्या जाऊन बघितलं. तुमीच हाव."

संध्याकाळी मी रिक्षानं औरंगपुऱ्याला गेले. टॉकीजच्या छज्ज्यावर वीस फूट रुंद बॅनर ताणलेला. एका बाजूला लाल डोळ्यांचं, वितळलेल्या अंगाचं डुकरासारखं जनावर, तोंडातून दुसरं तोंड निघालेलं. इंग्रजी सिनेमा हिंदीत डब केलेला, नावात 'खूनी' हा शब्द. आणि दुसऱ्या बाजूला, पांढऱ्या कोटात, हातात चिमटा धरलेली मी. माझा चष्मा, माझी हनुवटीवरची खळी, मधोमध पाडलेला माझा भांग. चिमटासुद्धा आम्ही धरतो तसाच, अंगठा आणि मधल्या बोटात. खाली उसाचा रस पीत चारपाच माणसं उभी होती. एकानं माझ्याकडे पाहिलं, मग वर पाहिलं, मग पुन्हा माझ्याकडे.

मी तशीच मागच्या शेडकडे गेले. इनायतचाचा उकिडवे बसून ब्रश धूत होते.

"चाचा, हे काय केलंत? माझा चेहरा कशाला काढला?"

ते गडबडले. हात पुसत उभे राहिले. "बेटी, मेरेकू बोले लेडीज सायंटिस्ट चाहिए. फिल्म कंपनी का जो पोस्टर आया, उसमें उसका मुँह इत्ता सा था, बटन जित्ता. मैं सारी उमर में सायंटिस्ट एकच देखा. तुमकूच देखा."

"पण लोक काय म्हणतील? मी असलं जनावर बनवते?"

"जनावर मैं अलग बनाया. तुमकू अलग बनाया," ते शांतपणे म्हणाले. "बुरा लगा तो कल मुँह बदल देता. पण देखो, मैं तुम्हारे मुँह में डर नहीं डाला, गुस्सा भी नहीं. फिकर डाला. उस दिन पाटी लेने आया था ना, तब तुम्हारे मुँह पे जैसी फिकर थी, वैसीच. घर जाके भी वो मुँह मेरे सामने से गया नहीं." थोडं थांबून त्यांनी विचारलं, "क्या हुआ था उस दिन?"

चेहरा बदला असं काही मी म्हटलं नाही. बाहेर येऊन पुन्हा एकदा वर पाहिलं. आरशात मी तो चेहरा आठवडाभर टाळत होते, आणि तो औरंगपुऱ्यात येणाऱ्याजाणाऱ्यांना दिसत होता.

घरी बातमी माझ्याआधी पोचली होती. पक्ष संपला की पैठणचं स्थळ मला बघायला येणार होतं. आई देवघरापुढं बसून राहिली. "त्यांची मावशी औरंगपुऱ्यातच राहते," एवढंच म्हणाली. अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, पेपर खाली ठेवून विचारलं, "चांगला काढलाय का पण?" आईनं त्यांच्याकडे असं पाहिलं की त्यांनी पेपर पुन्हा वर घेतला. ते लोक पुढं आले नाहीत. बॅनरमुळं की आणखी कशामुळं, आम्ही विचारलं नाही. माझं लग्न दोन वर्षांनी झालं, वेगळ्याच माणसाशी, आणि त्यानं तो सिनेमा पाहिलेला नव्हता.

रविवारी दुपारच्या खेळाला मी गेले. सिनेमातल्या त्या बाईनं काय केलं होतं ते मला बघायचं होतं. कडूबाईंना सोबत नेलं. बाल्कनीत लाकडी खुर्च्या, शेंगदाण्यांची टरफलं, पंख्यांची घरघर, आणि खाली पिटात जनावराची वाट बघत शिट्ट्या मारणारी माणसं.

गोष्ट अशी होती. बर्फाळ मुलखातली एक प्रयोगशाळा. भाजलेल्या माणसांना नवी कातडी देता यावी म्हणून तिथली शास्त्रज्ञ तुटलेला हात पुन्हा उगवणाऱ्या तारामाशाचा गुण डुकराच्या पिल्लात घालते. पिल्लू जगतं, वाढतं, वाढतच जातं. त्याचा तुकडा पडला की तुकड्याचं दुसरं जनावर होतं. मग आरडाओरडा, अंधारे बोळ, रक्त. कडूबाई पहिल्यांदा जनावर आलं तेव्हा "अगं माय" म्हणाल्या, नंतर निवांत दाणे खात बसल्या. "रबराचं हाय," मला सांगितलं.

मला जनावराची भीती वाटली नाही. मी गार पडले ते सुरुवातीच्या एका प्रसंगानं, ज्यात काहीच घडत नाही. बाई काचेच्या बशीत बघते. बशीत काहीतरी चुकलंय हे तिला दिसतं. तिच्या मागच्या भिंतीवर सणाच्या पताका आहेत, दाराबाहेर गाडी उभी आहे. ती बशीवर झाकण ठेवते, दिवा मालवते, कोट घालून निघून जाते. बस. थिएटरात त्या वेळी कोणी चहा मागवत होतं, कोणी खुर्ची शोधत होतं. त्या तीनशे माणसांत तो प्रसंग बघणारी बहुतेक मी एकटीच होते.

शेवटी ती बाई सगळं खरं सांगायला धावत वरिष्ठांच्या खोलीत जाते. दार उघडते. आत सांगायला कोणी उरलेलं नसतं.

बाहेर आलो तेव्हा लख्ख ऊन होतं. कडूबाई म्हणाल्या, "ती बाई लई भोगली. आधीच सांगितलं असतं तर?" मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुमाला घाम का फुटलाय एवढा?"

रस्त्यातच, फुटपाथच्या कडेला, मी त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं. "म्या बी रोज तीच फुलं तोडली," त्या म्हणाल्या. "मलाबी गळा दिसला नाय का? दिसला. वाटलं, तुमी शिकलेल्या हाव, बरोबरच आसंल. उद्या मीबी येते सायबाकडं."

"नको. मी एकटी जाते."

सोमवारी सकाळी सर ऑफिसात चष्मा पुसत बसले होते. मी उभ्यानंच सुरुवात केली. "सर, बारा दिवसांचे क्रॉस चुकलेत. एकेचाळीसऐवजी चौदाचे पराग लागले."

मग त्यांनी चष्मा लावला. "पाटी चुकली ना? त्या पेंटरनं पुन्हा आकडे उलटे काढले ना? मी मागच्या वर्षीच म्हणत होतो, दुसरा माणूस बघा."

दार उघडं होतं. फक्त हो म्हणायचं होतं. इनायतचाचांवर माझा रागही होता. शहरभर माझं तोंड त्यांनी टांगलं होतं, माझ्या आईची झोप घालवली होती. आणि सर स्वतःच म्हणत होते. मला तो क्षण आठवतो तेव्हा खिडकीतून येणारा पंपाचा आवाज आठवतो, टप टप टप, आणि सरांच्या सदऱ्याच्या खिशातलं हिरव्या टोपणाचं पेन.

"नाही सर. पाट्या बरोबर होत्या. रोवल्या मी चुकीच्या. रजिस्टर बघितलं नव्हतं. आणि नंतर कळल्यावर गुपचूप बदलल्या."

"कधी कळलं?"

"तेराव्या दिवशी."

"आज?"

"आज बाविसावा."

"म्हणजे तू बोलली नसतीस तर मला कळलं नसतं."

"नसतं सर. पुढं शेतकऱ्याच्या रानात केवडा पडला असता तेव्हा तुम्हाला वाटलं असतं, नऊ वर्षांचं काम फसलं."

सर उठले आणि खिडकीशी जाऊन उभे राहिले. पुढच्या उन्हाळ्यात ते निवृत्त होणार होते. हे मला माहीत होतं. ते बारा दिवस भरून काढायला लागणारं वर्ष त्यांच्याकडे शिल्लक नव्हतं.

"चुकीच्या लेबलांच्या सगळ्या शेंगा तोड," ते पाठमोरेच म्हणाले. "एकही राहता कामा नये. झाडं ठेव. अजून कळ्या येतायत त्यांच्यावर जमेल तेवढं कर."

मी आणि कडूबाईंनी दोन दिवसांत त्या शेंगा तोडल्या. फुलशर्ट घालायचं मला सुचलं नाही. हात लालभडक झाले, संध्याकाळी आईनं खोबरेल तेल चोळलं. शेंगांचा ढीग आम्ही बांधाजवळ खड्ड्यात जाळला. ओल्या होत्या, नुसता धूर झाला. घटस्थापना झाली, दसरा आला, आणि आम्ही उरलेल्या कळ्या हुडकत राहिलो. कडूबाई पानं उचलून एकेक दाखवायच्या, "ही घ्या, ही उद्याची." झाडं थकली होती. शेवटी हाताशी आलेलं बी एका छोट्या पाकिटात मावलं. चाचणीला पुरणारं नव्हतं. ते पुन्हा एक वर्ष वाढवावं लागणार होतं. सर माझ्याशी कामापुरतंच बोलायचे. त्यांनी माझी तक्रार वर केली नाही, हे मला क्लार्ककडून कळलं.

तो सिनेमा दोन आठवडे चालला. बॅनर उतरला त्या दिवशी मी इनायतचाचांच्या शेडमध्ये गेले होते, पुढच्या हंगामाच्या पाट्यांची यादी द्यायला. ते कापडावर चुना फिरवत होते. जनावर गेलं होतं, माझा अर्धा कोट गेला होता. "मालक बोला, इस बार लव स्टोरी है," ते म्हणाले. "तुम्हारे इधर वो फिकर का मामला निपटा?" मी म्हटलं, "निपटला, चाचा." त्यांनी यादी घेतली, आकडे मोठ्यानं वाचून खात्री केली, आणि ब्रश चुन्यात बुडवला.

सर एप्रिलमध्ये निवृत्त झाले. निरोपसमारंभात त्यांनी माळ्यापासून ड्रायव्हरपर्यंत सगळ्यांचे आभार मानले, माझं नाव त्यात सगळ्यांसारखंच होतं, कमी नाही की जास्त नाही. त्यांचं काम माझ्याकडं आलं नाही, दुसरे साहेब आले. पण एकेचाळीसच्या ओळी माझ्याकडे राहिल्या. त्यानंतर मी एकही पाटी रजिस्टर हातात असल्याशिवाय रोवली नाही. दोन हंगाम गेले. तिसऱ्या वर्षी आजूबाजूच्या सगळ्या रानांत भेंडी पिवळी पडली आणि चाचणीच्या प्लॉटांमध्ये आमची ती ओळ हिरवी उभी राहिली.

मी पहिल्या तोडणीची किलोभर भेंडी पिशवीत घालून सरांच्या घरी गेले. काकूंनी लगेच चिरून परतायला टाकली. सर बारीक झाले होते, पांढरा सदरा खांद्यावर सैल बसत होता. स्वयंपाकघरात आम्ही दोघं ताटावर बसलो. मोहरीचा, लसणीचा वास, तव्यावरची गरम भाकरी.

"सर, ते वर्ष," मी सुरुवात केली. किती दिवस जुळवून ठेवलेली वाक्यं होती.

"भाजी गार होतेय," सर म्हणाले.

त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला, भेंडी घेतली, सावकाश चावली. काकू हातात कालथा धरून उभ्या होत्या. त्यांनी आणखी एक घास घेतला. मग मान हलवली.

"केवड्याचं झालं," ते म्हणाले. "पण चिकट आहे अजून. पुढं ते तू बघ."